चढलेली पायरी उतरतांना

शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, ही म्हण ज्यांच्या तोंडीं सदैव असे तेच गृहस्थ धुऱ्याच्या हातभर मातीसाठीं साकोलीच्या कचेरींत हेलपाटे घालतांना आम्हीं लहानपणीं पाहिले आहेत. त्यांत आश्चर्य कांहीं नाहीं. मनुस्मृतींत व्यवहाराचीं अठरा पदें गणलेलीं आहेत; त्यांत सीमाविवाद आहे आणि दायविभागहि आहे. जमिनीचा तंटा आणि भावकीचा वांटा हीं दोन दुखणीं आपल्याकडे इतकीं जुनीं आहेत. पायरी चढावी कीं न चढावी याविषयीं सल्ला देणारे शेंकडों भेटतात. परंतु एकदां चढलेली पायरी केव्हां उतरावी, कशी उतरावी, आणि उतरतांना आपल्यामागें कोण उभें राहातें याकडे कसें पाहावें, याविषयीं लिहिलेलें आमच्या वाचनांत फारसें आलें नाहीं. आमच्या कुटुंबानें महामार्गाच्या भूसंपादनाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढें केलेली याचिका मागें घेतली. त्या निमित्तानें जें समजलें तें वाचकांपुढें ठेवावें असें वाटतें. कारण ज्यांच्या शेतास रस्त्याचा फांटा लागला नाहीं किंवा लागणार नाहीं, अशीं कुटुंबें हल्लीं थोडीं राहिलीं आहेत.

आमचें एकोडी हें भंडारा जिल्ह्याच्या साकोली तालुक्यांतील गांव. हा जिल्हा भाताचा आणि तलावांचा. जुन्या मालगुजारांच्या काळीं कोहळी समाजाच्या कुशल हातांनीं बांधलेले तलाव, त्यांच्या पाळीखालीं पायऱ्यांसारख्या उतरत गेलेल्या बांध्या, धुऱ्यावर तुरीची ओळ, मधूनच एखादी बोडी आणि मोहाचें झाड, असा येथील देखावा आहे. १९५१ सालीं मालगुजारी गेली. तलाव मात्र 'माजी मालगुजारी' या नांवानें राहिले. अशा प्रदेशांत जमिनीचा तुकडा म्हणजे नुसतें क्षेत्रफळ नव्हे. वरच्या बांधींतलें पाणी खालच्या बांधींत उतरतें. मध्यें मुरमाचा भराव पडला म्हणजे वरची बांधी बुडते आणि खालची कोरडी राहाते. हा हिशेब सातबाऱ्याच्या उताऱ्यावर कोठेंहि लिहिलेला नसतो. तो शेतांत उतरलेल्या माणसासच ठाऊक असतो.

रस्त्याशीं आमचें वैर नाहीं. नागपुराहून भंडारा, साकोली, देवरी यांवरून रायपुराकडे जाणारा रस्ता इंग्रजी अमदानींतला. त्यास ग्रेट ईस्टर्न रोड म्हणत. स्वातंत्र्यानंतर तो राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ६ झाला, आणि २०१० सालीं देशांतील महामार्गांचे क्रमांक नव्यानें लावण्यांत आले तेव्हां तो ५३ झाला. नागपूर येथून सुमारें शंभर किलोमीटर. रात्रीं अवघडलेल्या बाईस किंवा सर्पदंश झालेल्या मजुरास वेळेवर इस्पितळांत पोंचविणारा रस्ता नको, असें कोण म्हणेल? कौटिल्यानें अर्थशास्त्रांत निरनिराळ्या मार्गांच्या रुंदी दंडांच्या मापानें नेमून दिल्या आहेत. राज्य आलें कीं रस्ता आला, आणि रस्ता आला कीं तो कोणाच्या तरी भूमीवरून जाणार, हें ओघानेंच येतें. प्रश्न एवढाच कीं, ज्याची भूमि जाते त्याचें म्हणणें कोणी ऐकलें कीं नाहीं, आणि त्याच्या पदरीं योग्य तें पडलें कीं नाहीं.

यासंबंधींचा कायदा १९५६ चा आहे. भूसंपादनाचीं हल्लींचीं कलमें त्यांत १९९७ सालीं घातलीं गेलीं. त्यांचा क्रम प्रत्येक शेतकरी कुटुंबानें समजून घ्यावा असा आहे. प्रथम कलम ३-ए खालीं सरकार राजपत्रांत आपला मनोदय प्रसिद्ध करतें. त्यापासून एकवीस दिवसांच्या आंत कलम ३-सी प्रमाणें लेखी हरकत घेतां येते, आणि हरकत घेणाऱ्याचें म्हणणें सक्षम प्राधिकाऱ्यानें ऐकून घ्यावयाचें असतें. नंतर कलम ३-डी ची घोषणा होते. पहिल्या अधिसूचनेपासून एक वर्षाच्या आंत ती झाली नाहीं तर, न्यायालयाच्या मनाईचा काळ वगळून, पहिली अधिसूचना निष्फळ ठरते. ती झाली म्हणजे मात्र जमीन सर्व भारांतून मुक्त होऊन केंद्र सरकारची होते. सातबाऱ्यावर आपलें नांव दिसत असलें तरी कायद्याच्या दृष्टीनें मालक बदललेला असतो. पुढें कलम ३-जी खालीं मोबदला ठरतो, रक्कम जमा केली जाते, आणि ताबा देण्यासाठीं साठ दिवसांची नोटीस येते. मोबदला मान्य नसेल तर त्याच कलमानें केंद्र सरकारनें नेमलेल्या लवादाकडे अर्ज करावयाचा असतो. म्हणजे 'माझी जमीन घेऊं नका' ही एक तक्रार आणि 'माझ्या जमिनीची किंमत कमी धरली' ही दुसरी तक्रार. दोहोंचीं दारें वेगळीं आहेत. पुष्कळ कुटुंबें एका दाराशीं उभीं राहून दुसऱ्या दाराची भिक्षा मागतात आणि वर्षानुवर्षें रिकाम्या हातानें परततात.

किंमतीच्या बाबतींतहि स्थिति पालटत आलेली आहे. महामार्गाच्या कायद्यांतील कलम ३-जे मुळें १८९४ च्या भूसंपादन कायद्यांतील दिलासा रक्कम महामार्गासाठीं जमीन देणारास मिळत नसे. धरणासाठीं जमीन गेली तर ती रक्कम मिळावी आणि रस्त्यासाठीं गेली तर मिळूं नये, हा भेद २०१९ सालीं सर्वोच्च न्यायालयानें तरसेम सिंग यांच्या प्रकरणांत घटनाबाह्य ठरविला. त्यापूर्वींच, १ जानेवारी २०१५ पासून, २०१३ च्या नव्या कायद्यांतील मोबदल्याच्या तरतुदी महामार्गांस लागू झाल्या होत्या. आतां जमिनीचा बाजारभाव, त्यावर राज्यानें ठरविलेला गुणांक, त्यांत विहीर, झाडें, बांधकाम यांची किंमत, आणि या बेरजेइतकीच दिलासा रक्कम, असा हिशेब असतो. विहीर नोंदली गेली नाहीं तर नुकसान दुप्पट होतें, हें यावरून वाचकांच्या ध्यानांत येईल.

आमच्या बाबतींत नेमकें तेंच घडलें. वडिलार्जित बांधीपैकीं सव्वा एकराची पट्टी रुंदीकरणांत धरली गेली. आम्हीं मुदतींत हरकत दिली होती. तिची सुनावणी झाली नाहीं. पंचनाम्यांत आजोबांच्या वेळची बांधीव विहीर नव्हती, धुऱ्यावरचे आंबे व मोह नव्हते. संबंधित कचेरींत तीन वेळां लेखी कळविलें. उत्तर आलें नाहीं. तेव्हां आमचे थोरले बंधु, आम्ही आणि शेजारचे एक शेतकरी अशा तिघांनीं मिळून याचिका दाखल केली. सुनावणीवांचून झालेलें संपादन रद्द करावें, अशी तींत मुख्य प्रार्थना होती. ती करण्यास सबळ कारण होतें, आणि आजहि आमचें मत तसेंच आहे. ज्याचें म्हणणें ऐकावयाचें असें कायदा सांगतो त्याचें म्हणणें न ऐकणें, ही क्षुल्लक बाब नव्हे.

याचिकेवर दोन रोवण्या निघून गेल्या. दादांचें वय ऐंशीच्या पुढें. तरी प्रत्येक तारखेस ते पहांटे उठून, स्नान-संध्या उरकून, धोतर-कोट चढवून नागपुरास यावयास निघत. न्यायालयानें कचेरीकडून खुलासा मागविला, आणि मग कागद हालले. नव्यानें संयुक्त मोजणी झाली. विहीर नोंदली, झाडें मोजलीं, पुरवणी निवाडा झाला. ज्या गोष्टीचा आम्हांस सर्वांत अधिक घोर होता, ती म्हणजे वरच्या बांधींतलें पाणी खालीं जाण्यासाठीं भरावाखालून मोरी ठेवण्याची, तीहि लेखी मान्य झाली. राहिला तो दराचा वाद. आमच्या वकिलांनीं स्पष्ट विचारलें, "मास्तरसाहेब, दरासाठीं लवाद आहे. येथें आतां तुम्हांस काय हवें आहे? सबंध संपादन रद्द व्हावें, असें मनापासून वाटतें का?"

या प्रश्नानें घरांत आठ दिवस झोंप नव्हती. दादा म्हणाले, "अरे, आपण मागें सरलों तर गांव काय म्हणेल? मास्तरांनीं पैसे घेऊन तोंड मिटलें, असेंच म्हणेल ना?" पुतण्याचें म्हणणें निराळें. तो व्यवहारी; म्हणाला, "काका, आणखी एक-दोन वर्षें ओढूं. कंत्राटदारास घाई असते. अडून राहिलें कीं भाव वाढतो." वहिनी एवढेंच म्हणाल्या, "यांना आतां ती मोटार सोसत नाहीं. प्रत्येक तारखेनंतर दोन दिवस अंथरुणावर असतात."

पुतण्याच्या म्हणण्यास गांवांतल्या निम्म्या लोकांची संमति मिळाली असती. तरी तें आम्हांस पटलें नाहीं, आणि त्याचें कारण सांगितलें पाहिजे. न्यायासनापुढें प्रार्थना करावयाची ती जें खरोखर हवें असेल त्याची. विहीर मिळाली, मोरी मिळाली, रस्ता तर आम्हांसहि हवा. मग 'संपादन रद्द करा' ही प्रार्थना उभी ठेवणें म्हणजे जें नको आहे तें मागत राहून दुसऱ्याची अडवणूक करणें होय. पस्तीस वर्षें मुलांस जें शिकविलें तें अशा वेळीं उपयोगी पडत नसेल तर शिकविलें कशासाठीं? दादांस आम्हीं म्हणालों, "दादा, हरणें म्हणजे मागितलेलें न मिळणें. आपणांस मिळालें. लोक चार दिवस बोलतील. पण निवाडा, मोजणीचा नकाशा आणि मोरीचा कागद आपण चावडीवर वाचून दाखवूं. लपविण्यासारखें आहे काय?" दादा बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "वाच मग. पण मोठ्यानें वाच." तसें आम्हीं केलें. कुजबूज सर्वस्वीं थांबली असें नाहीं. परंतु ज्यांस समजून घ्यावयाचें होतें त्यांना समजलें.

याचिका मागें घेण्याचें ठरतांच एक जुना प्रश्न उंबरठ्यावर येऊन उभा राहिला. भांडण रस्त्याशीं होतें तोंवर घर एक होतें. मोबदल्याची रक्कम दिसूं लागली आणि ती कोणाची, हें ठरविणें भाग पडलें. वडिलांच्या पश्चात् त्या काळच्या प्रघाताप्रमाणें फेरफारांत दोघां भावांचीं नांवें लागलीं होतीं. आमची थोरली बहीण, आम्ही तिला आक्का म्हणतों, सासरीं अमरावतीस; तिचें नांव कोठेंच नव्हतें. पुतण्यानें हक्कसोडपत्राचा कागद तयारच करून आणला. "आक्काआत्या सही करतील, त्यांनीं कधीं नाहीं म्हटलें आहे?" असें तो सहज बोलला. घरोघर असेंच बोललें जातें.

आक्का आली. कागद वाचला, चष्मा काढून ठेवला आणि म्हणाली, "सही मी करीनहि. पण बाबांच्या जमिनींत माझें काय होतें, हें मला आधीं कोणी सांगाल का? जें माझें होतें हेंच ठाऊक नाहीं, तें सोडूं कसें?"

तिचा प्रश्न न्यायाचा होता, आणि त्याचें उत्तर देणें हें संस्कृताच्या मास्तराचेंच काम होतें. विज्ञानेश्वरानें याज्ञवल्क्यस्मृतीवर जी मिताक्षरा टीका लिहिली तींत वडिलार्जित धनांत पुत्राचें स्वत्व जन्मतःच उत्पन्न होतें, असा सिद्धान्त आहे. आपल्याकडील एकत्र कुटुंबाचा कायदा शतकानुशतकें त्या पायावर उभा राहिला. २००५ सालीं हिंदु वारसा कायद्यांत दुरुस्ती होऊन तोच जन्मसिद्ध हक्क कन्येस मिळाला. आणि ११ ऑगस्ट २०२० रोजीं विनीता शर्मा यांच्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें सांगितलें कीं, ती दुरुस्ती अमलांत आली तेव्हां वडील हयात असण्याची आवश्यकता नाहीं. वांटणी २० डिसेंबर २००४ पूर्वीं नोंदणीकृत दस्तानें किंवा न्यायालयाच्या हुकुमानें झालेली असेल तर ती मोडत नाहीं. आमची तर वांटणी झालेलीच नव्हती. तेव्हां मोबदल्याचे वांटे तीन आणि तिन्ही सारखे. दादांनीं हें ऐकून घेतलें आणि पुतण्यास म्हणाले, "तो कागद ठेवून दे. आक्काचें नांव लावण्याचा अर्ज लिही." पुतण्याच्या चेहऱ्यावर नाराजी दिसली, ती नैसर्गिक होती. रात्रीं जेवणाच्या पंगतींत आक्कानेंच त्याला वाढतांना विचारलें, "अरे, तुझ्या मुलीचें नांव कोणत्या कागदावर लावणार आहेस, तें आतांपासून ठरव." त्यावर तो हंसला, पण दुसऱ्या दिवशीं अर्ज त्यानें स्वतःच्या हातानें लिहिला.

येथें एक व्यावहारिक गोष्ट सांगतों. एकाच जमिनीवर अनेकांचा दावा असेल तर कोणास किती द्यावयाचें हें प्रथम सक्षम प्राधिकारी पाहातो. वांटपाबद्दल वाद उभा राहिला तर कलम ३-एच प्रमाणें तो प्रमुख दिवाणी न्यायालयाकडे पाठविला जातो, आणि रक्कम तोंवर अडकून पडते. रस्त्याशीं चाललेला दावा मागें घेऊन भावाबहिणींचा दावा सुरू करणारीं कुटुंबें आमच्या पाहण्यांत आहेत. तीं एक पायरी उतरलीं आणि दुसरी, अधिक निसरडी, पायरी चढलीं, असेंच म्हणावें लागेल. म्हणून वांट्याचा निर्णय घरांत लेखी होईपर्यंत याचिका मागें घेण्याची घाई करूं नये, असें आमचें मत झालें.

दुसरा विचार शेजाऱ्यांचा. ते आमचे सहयाचक. त्यांची जमीन थोडी; आणि राजपत्रांतलें क्षेत्र व प्रत्यक्ष मोजणीचें क्षेत्र यांत त्यांच्या बाबतींत फरक निघाला होता. तो मिटलेला नव्हता. आम्ही सर्वांची याचिका मागें घेतली असती तर त्यांचें भांडण आमच्या सोयीखातर बुडालें असतें. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या तेविसाव्या आदेशांतील पहिल्या नियमानें अनेक वाद्यांपैकीं एकट्यास इतरांच्या संमतीवांचून दावा सोडून देतां येत नाहीं. कायद्यानें हें सांगितलें नसतें तरी शेजारधर्मानें तें सांगितलेंच असतें. आम्ही त्यांच्या घरीं गेलों, सर्व कागद पुढें ठेवले. ते म्हणाले, "गुरुजी, तुमचं झालं तर तुम्ही मोकळे व्हा. माझं राहू द्या." त्याप्रमाणें फक्त आम्हां दोघां भावांपुरती माघार घ्यावयाची आणि त्यांची याचिका चालूं ठेवावयाची, असें वकिलांस सांगितलें, पुढच्या दोन तारखांचा त्यांचा खर्चहि आम्हीं उचलला, कारण पूर्वींचा खर्च तिघांत सारखा धरला होता आणि आमच्या जाण्यानें त्यांच्यावर एकट्यावर भार पडणार होता.

आतां माघारीच्या रीतीविषयीं. कागद अगदीं लहान असतो; पुरसिस म्हणतात त्यास. परंतु त्यांतील एका ओळीवर पुढचें पुष्कळ अवलंबून असतें. त्याच तेविसाव्या आदेशाचें तत्त्व असें कीं, पुन्हां दाद मागण्याची मुभा न घेतां दावा मागें घेतला तर त्याच कारणावरून नवा दावा चालत नाहीं. रिट याचिकेसहि हें तत्त्व सार्वजनिक हिताच्या दृष्टीनें लागू आहे, असें सर्वोच्च न्यायालयानें सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिसच्या प्रकरणांत १९८६ सालीं ठरविलें. 'मागें घेत आहोंत' एवढेंच लिहून सही केली तर उद्यां मोरीचा शब्द मोडला गेला तरी आपल्या हातीं कांहीं राहाणार नाहीं. म्हणून आमच्या पुरसिसींत तीन गोष्टी घातल्या: संयुक्त मोजणी, पुरवणी निवाडा व मोरी यांचीं कबुलीपत्रें नोंदवून घ्यावीं, मोबदल्याच्या दराबद्दल लवादाकडे जाण्याचा हक्क अबाधित राहावा, आणि कबुली पाळली न गेल्यास पुन्हां न्यायालयाकडे येण्याची मुभा असावी. ही मुभा अर्जांत मागून भागत नाहीं. ती न्यायालयाच्या हुकुमांत उतरली आहे कीं नाहीं, हें प्रमाणित प्रत हातीं घेऊन स्वतः वाचावें लागतें. हुकूम चार ओळींचा झाला. दादांनीं तो दोनदां वाचला, 'मुभा' या शब्दाखालीं पेन्सिलीनें रेघ ओढली आणि घडी करून कोटाच्या आंतल्या खिशांत ठेवला.

त्यानंतर दराचा अर्ज लवादाकडे गेला. तेथील निवाडाहि मान्य न झाला तर १९९६ च्या लवाद कायद्याच्या कलम ३४ खालीं न्यायालयांत जातां येतें. त्यास तीन महिन्यांची मुदत आहे, आणि पुरेसें कारण दाखविल्यास आणखी तीस दिवस मिळतात, त्यापुढें नाहीं. ज्यांस या मार्गानें जावयाचें आहे त्यांनीं तारखांची वही घरांत ठेवावी आणि ती एकाच माणसाच्या हातीं नसावी.

वाचकांपैकीं ज्यांच्या घरीं असा दावा चालूं आहे त्यांस एवढेंच सुचवावेंसें वाटतें कीं, वर्षांतून एकदां सर्व कुटुंब एकत्र बसवून याचिकेंतील प्रार्थना मोठ्यानें वाचावी. त्यांतलें काय मिळालें, काय राहिलें, आणि राहिलेलें याच दाराशीं मिळणारें आहे कीं दुसऱ्या, हें लेकी-सुनांसह सर्वांस समजूं द्यावें. जें अद्याप मिळालेलें नाहीं आणि येथेंच मिळण्यासारखें आहे त्यासाठीं खुशाल लढावें. कंटाळून किंवा कोणाच्या दटावणीनें मागें सरूं नये. परंतु मागितलेलें पदरीं पडलें असेल तर सोबत्याची सोय पाहून, बहिणीचा वांटा मोजून, मुभेची ओळ हुकुमांत वाचून, निःशंक मनानें परत यावें. पुढची रोवणी कोणाच्याहि तारखेसाठीं थांबत नाहीं.